छडीच्या बाजूने जॅकी चॅनची साक्ष काढू नका

मागच्या महिन्यात आमच्या जुन्या शाळेत माजी विद्यार्थ्यांचा मेळावा झाला. निवृत्त शिक्षक म्हणून मलाही बोलावणं होतं. मांडव, खुर्च्या, जेवणात बासुंदी, सगळं व्यवस्थित. पोरं आता पन्नाशीची झाली आहेत, कुणाला टक्कल, कुणाला साखर. मजा आली. शाल-श्रीफळ घेऊन मी माझ्या खुर्चीवर बसलो आणि प्रमुख पाहुणे बोलायला उभे राहिले. हे पाहुणे म्हणजे आमचाच एक विद्यार्थी. पुण्यात त्याचा चांगला व्यवसाय आहे आणि बोलतोही छान.

तो म्हणाला, "जॅकी चॅन सगळ्यांना माहीत आहे. लहानपणी त्याच्या आईबापांनी त्याला दहा वर्षांसाठी एका गुरूच्या ताब्यात दिलं. त्या गुरूने त्याला रोज वेताने फोडून काढलं. म्हणून तो जॅकी चॅन झाला! आज आपण कायदा करून मास्तरांचे हात बांधले. आता जॅकी चॅन कुठून होणार?" टाळ्यांचा कडकडाट झाला. मग तो माझ्याकडे वळला. "आमच्या सरांची निरगुडीची फोक कोण विसरेल? सरांनी मारलं म्हणून आम्ही घडलो." पुन्हा टाळ्या. मी हात जोडले, हसलो आणि गप्प बसलो.

ते गप्प बसणं मला महिनाभर टोचतं आहे. त्या दिवशी माइकसमोर जे बोलायला हवं होतं ते आज इथे लिहितो. उशीर झाला आहे हे मान्य. पण मास्तर लोकांना उशिरा आलेल्या वह्या तपासायची सवय असते, तेव्हा सांभाळून घ्या.

आधी माझी पात्रता सांगतो. मी सिनेमाचा जाणकार नाही. मराठी आणि इतिहास शिकवण्यात आयुष्य गेलं. पण मेळाव्याहून आल्यावर मी नातीला म्हटलं, या जॅकी चॅनबद्दल जे मिळेल ते दे. तिने त्याच्या आठवणींची दोन इंग्रजी पुस्तकं आणून दिली, एक १९९८ चं आणि दुसरं २०१८ चं. शब्दकोश शेजारी ठेवून मी ती वाचली. तिच्या लॅपटॉपवर त्याचे सात-आठ सिनेमेही पाहिले. सौ. म्हणाली, "या वयात हे काय हाणामारी बघत बसलाय?" तिला म्हटलं, अभ्यास चालू आहे.

तर मंडळी, पाहुण्यांच्या भाषणातलं पहिलं वाक्य खरं आहे. जॅकी चॅन १९५४ साली हाँगकाँगमध्ये जन्मला, म्हणजे माझ्याहून दोन वर्षांनी लहान. खरं नाव चॅन काँग-सांग. वडील फ्रेंच वकिलाच्या बंगल्यावर स्वयंपाकी होते. पुढे त्यांना ऑस्ट्रेलियात कॅनबेराला अमेरिकी वकिलातीत स्वयंपाक्याची नोकरी मिळाली. मुलगा अभ्यासात कच्चा आणि भयंकर वांड. सात वर्षांचा असताना त्याला 'चायना ड्रामा अकॅडमी' नावाच्या, पेकिंग ऑपेराचं शिक्षण देणाऱ्या निवासी शाळेत घातलं. गुरूंचं नाव यू जिम-युएन. करार दहा वर्षांचा. त्या कराराप्रमाणे गुरूने शिक्षा करताना मुलगा मेला तरी गुरूला दोष नव्हता, असं जॅकीने स्वतः लिहिलं आहे. मुलं खेळ करून जे कमावतील ते गुरूचं.

पहाटे उठायचं, तासन् तास डोक्यावर उभं राहायचं, कोलांट्या, तलवारी, गाणं, अभिनय. चुकलं की वेत. एकाचं चुकलं की कधी सगळ्यांना वेत. आजारी पडायची सोय नाही. अक्षरओळख नावापुरती. गुरूच्या नावातलं 'युएन' हे अक्षर मुलांना नाव म्हणून मिळायचं. युएन ब्याओ, युएन वा, कोरी युएन ही नावं तिथलीच, आणि आपला जॅकी तिथे युएन लो होता. सामो हंग हा त्यांचा दादा. त्यातली निवडक मुलं 'सात छोटी नशीबवान' या नावाने रंगमंचावर खेळ करत. या नावाला हसावं की रडावं ते मला कळलं नाही.

इथवर पाहुण्यांचं बरोबर. आता त्यांचं 'म्हणून' बघू. शाळेत आम्ही व्याकरण शिकवताना सांगायचो की 'म्हणून' हे फार जबाबदारीचं अव्यय आहे. दोन वाक्यं शेजारी आली की त्यांच्यामध्ये 'म्हणून' घालता येतोच असं नाही. कोंबडा आरवला, म्हणून सूर्य उगवला, असं होत नाही.

पहिली गोष्ट. त्या शाळेत वर्षानुवर्षं कितीतरी मुलं आली. सगळ्यांनी तोच वेत खाल्ला. त्यातली किती नावं जगाला माहीत आहेत? दोन्ही हातांची बोटं पुरावीत इतकी. बाकीची कुठे गेली? वेताने माणूस घडत असेल तर सगळेच घडायला हवे होते. आंब्याच्या झाडाला दगड मारणाऱ्याच्या हाती दोन आंबे आले तर तो म्हणतो, दगडामुळे आंबे मिळाले. खाली पडलेला कच्च्या कैऱ्यांचा सडा कोणी मोजत नाही. आमच्या मेळाव्याचंही तेच. 'सरांच्या मारामुळे घडलो' असं सांगायला मांडवात कोण येतं? जो घडला तो. ज्याने मार खाल्ला आणि दप्तर टाकून गेला, त्याला मेळाव्याचं निमंत्रणच जात नाही. त्याचं नाव दहावीच्या यादीत नसतं ना!

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची. पाहुण्यांनी रियाज आणि मार यांची सरमिसळ केली. दहा वर्षं रोज शरीर कमावलं, तोल शिकला, पडायचं कसं ते शिकला, ही पुंजी खरीच. ती नाकारणारा मूर्ख. पण ती पुंजी रियाजाची आहे. वेत बाजूला ठेवून तोच रियाज करून घेता आला नसता, असं कोणी सिद्ध केलं आहे? आपल्याकडे कुस्तीच्या तालमीत वस्ताद पोरांकडून हजार जोर काढून घेतो. चांगला वस्ताद काठी न उचलता काढून घेतो. ज्याला ते जमत नाही तो काठी उचलतो. हे मी वस्तादांबद्दल सांगत नाही, माझ्याबद्दल सांगतो आहे. ते पुढे येईलच.

बरं, नुसता मार आणि रियाज यांनी जॅकी चॅन तयार झाला का? तेही नाही. १९७० च्या सुमाराला तो शाळेतून बाहेर पडला तेव्हा हाँगकाँगमध्ये त्या ऑपेराला प्रेक्षकच उरला नव्हता. दहा वर्षं मार खाऊन शिकलेल्या विद्येचं दुकान बंद झालेलं. लिहिता-वाचता धड येत नाही, दुसरा धंदा माहीत नाही. मग ही मुलं सिनेमात उड्या मारायला, मार खायला, पडायला जाऊ लागली. ब्रूस लीच्या 'फिस्ट ऑफ फ्युरी' (१९७२) आणि 'एंटर द ड्रॅगन' (१९७३) या सिनेमांत जॅकी असाच मार खाणाऱ्यांच्या गर्दीत आहे. जुलै १९७३ मध्ये ब्रूस ली गेला आणि ही कामंही आटली. जॅकी ऑस्ट्रेलियात आईवडिलांकडे गेला आणि तिथे बांधकामावर राबला. 'जॅकी' हे नाव तिथलंच. सोबतच्या जॅक नावाच्या गवंड्यावरून पडलेलं.

१९७६ मध्ये त्याला परत बोलावणं आलं. ब्रूस लीला पडद्यावर आणणारे दिग्दर्शक लो वेई यांना नवा ब्रूस ली हवा होता. त्यांनी जॅकीचं नाव ठेवलं 'सिंग लुंग', म्हणजे ड्रॅगन होणारा. 'न्यू फिस्ट ऑफ फ्युरी'पासून पुढे दोन वर्षं त्याला एकामागून एक सिनेमांत उभं केलं. चेहरा गंभीर, डोळ्यांत सूड, जे सांगतील ते करायचं. जॅकी आज्ञाधारक होता. दहा वर्षं वेताने तेच शिकवलं होतं. सांगितलं तसं केलं आणि सिनेमे एकामागून एक पडले. पाहुण्यांनी हा भाग सांगितला नाही. मार खाऊन तयार झालेला, सांगितलेलं मुकाट ऐकणारा जॅकी चॅन ही पाटी कोरी करून आलेली दुसऱ्याची नक्कल होती आणि ती कोणाला नको होती.

मग १९७८ मध्ये काय झालं? एन्ग सी-युएन नावाच्या निर्मात्याने त्याला लो वेईकडून उसना मागून घेतला आणि युएन वू-पिंग या नव्या दिग्दर्शकाच्या हाती दिला. आणि पहिल्यांदाच त्याला विचारलं, तुला काय करावंसं वाटतं? त्याने विनोद करून पाहिला. ब्रूस ली पाय उंच मारतो ना, मग मी खाली मारतो. तो ठोसा मारून गरजतो, मी ठोसा मारून हात झटकत 'आई गं' करतो. 'स्नेक इन द ईगल्स शॅडो' आणि 'ड्रंकन मास्टर' हे दोन सिनेमे त्याच वर्षी आले आणि दोन्ही तुफान चालले. 'ड्रंकन मास्टर'मधला नायक वाँग फेई-हुंग हा त्यांच्याकडचा खराखुरा लोकनायक. आधीच्या ढीगभर सिनेमांत तो शांत, धीरगंभीर, उपदेश करणारा. जॅकीने त्याचा उनाड, आळशी, बापाला ताप देणारा पोरगा केला. म्हणजे जो वांडपणा मोडून काढायला सात वर्षांच्या पोराला वेताखाली दिलं होतं, तोच वांडपणा दहा वर्षं मार खाऊनही शिल्लक राहिला आणि त्यावर पुढची सगळी कारकीर्द उभी राहिली. वेताने तो घडला म्हणता? वेताला जे मारता आलं नाही त्याने तो घडला.

१९७९ मध्ये 'फिअरलेस हायना'पासून तो स्वतः दिग्दर्शन करू लागला. मग त्याने गुरू शोधले ते मूकपटांच्या जमान्यातले, बस्टर कीटन आणि हॅरल्ड लॉइड. 'प्रोजेक्ट ए' (१९८३) मध्ये तो घड्याळाच्या मनोऱ्याच्या काट्याला लोंबकळतो आणि दोन कापडी छतं फाडत जमिनीवर पडतो. लॉइड १९२३ मध्ये 'सेफ्टी लास्ट'मध्ये असाच घड्याळाला लोंबकळला होता. उडी मारायचा धीर गोळा करायला आपल्याला बरेच दिवस लागले, असं जॅकी मोकळेपणाने सांगतो. 'पोलीस स्टोरी' (१९८५) च्या शेवटी तो मोठ्या दुकानसंकुलात वरच्या मजल्यावरून झेप घेऊन दिव्यांच्या माळा गुंडाळलेल्या खांबावरून घसरत खाली येतो. हात भाजले, पाठ दुखावली. मी ते दृश्य बघताना नातीचा हात धरून बसलो होतो.

आणि आता मला सर्वांत आवडलेली गोष्ट. त्याच्या सिनेमांच्या शेवटी, नावं सरकत असताना, चित्रीकरणात झालेल्या चुका दाखवतात. उडी हुकली, खुर्ची डोक्यावर पडली, संवाद विसरला, हसू आवरेना. ही कल्पना त्याने 'द कॅननबॉल रन' (१९८१) या अमेरिकी सिनेमात काम करताना पाहिली आणि उचलली. पण त्याच्या हातात तिचा अर्थ बदलला. विचार करा. ज्या शाळेत चूक म्हणजे वेत, त्या शाळेतून निघालेला हा माणूस स्वतः मुख्य झाल्यावर चुका कापून फेकत नाही, लाखो लोकांना दाखवतो. बघा, मी इतक्या वेळा चुकलो, मग जमलं. सदतीस वर्षं फळ्यासमोर उभा राहिलेला माणूस म्हणून सांगतो, शिक्षणावर यापेक्षा चांगला धडा मी कुठल्याही प्रशिक्षण वर्गात ऐकला नाही. चुकायची भीती गेली की मूल शिकतं. एवढंच आहे ते. बाकी सगळी पुस्तकं हेच लांबवून सांगतात.

आता मार खाल्ल्याने काय झालं तेही बघू. हिशोब पुरा मांडायचा तर खर्चाची बाजूही लिहावी लागते.

अक्षरओळख राहिली ती राहिलीच. लिहिता-वाचता येत नसल्याची खंत त्याने पुन्हा पुन्हा बोलून दाखवली आहे. पुढे त्याच्या धर्मादाय संस्थेने चीनच्या दुर्गम भागांत शाळांसाठी पैसे दिले. त्या शाळांत अक्षरं शिकवतात. दहा वर्षांचे करार करून घेऊन वेत चालवत नाहीत. मार इतका गुणकारी असता तर त्याने तशीच एखादी शाळा काढली नसती का?

शरीराची किंमत माणसाला कळायची तीही कळेनाशी झाली. १९८६ मध्ये युगोस्लाव्हियात 'आर्मर ऑफ गॉड'च्या चित्रीकरणात झाडावरून पडून कवटी फुटली, कानातून रक्त आलं, मेंदूवर शस्त्रक्रिया करावी लागली. आपण टाळ्या वाजवतो. पण लहानपणापासून दुखणं लपवायला शिकलेला माणूस स्वतःला किती वाकवतो याचाही तो नमुना आहे.

आणि पुढचं लिहिताना मला बरं वाटत नाही, पण ते त्यानेच छापून सांगितलं आहे. मुलगा लहान असताना एकदा रागाच्या भरात त्याने त्याला एका हाताने उचललं आणि खोलीत भिरकावलं. पोरगं सोफ्यावर जाऊन आदळलं. थोडं इकडेतिकडे झालं असतं तर काय झालं असतं, या विचाराने आपण हादरलो असं तो लिहितो. गुरूचा वेत गुरूच्या हातून सुटून कुठे गेला बघा. हाच मुलगा २०१४ मध्ये बीजिंगमध्ये अमली पदार्थांच्या गुन्ह्यात सापडला आणि त्याला सहा महिन्यांची शिक्षा झाली. बापाने जाहीर माफी मागितली. त्या दोन गोष्टींमध्ये मी 'म्हणून' घालणार नाही. आत्ताच व्याकरण सांगितलं आहे, ते मलाही लागू. एवढंच म्हणतो की कडक शिस्तीने घरं सरळ होतात हे सांगायला या घराचं उदाहरण उपयोगी नाही.

२००९ च्या एप्रिलमध्ये हैनान बेटावरच्या बोआओ परिषदेत त्याला चित्रपटांवरच्या बंधनांविषयी विचारलं. स्वातंत्र्य असावं की नसावं याची आपल्याला खात्री वाटत नाही, फार स्वातंत्र्य दिलं की गोंधळ माजतो, चिनी माणसाला ताब्यात ठेवायला हवं, अशा अर्थाचं तो बोलला. हाँगकाँग आणि तैवानमध्ये लोक खवळले. मी ते वाचलं आणि खवळलो नाही, मला वाईट वाटलं. सात वर्षांच्या मुलाला दहा वर्षं सांगितलं की तुझ्यावर कोणी वेत घेऊन उभं नसेल तर तू वाया जाशील. तो मुलगा पंचावन्न वर्षांचा होतो, जगभर नाव कमावतो आणि तेच वाक्य आपल्या सगळ्या लोकांना लावतो. त्याचं स्वतःचं आयुष्य मात्र याच्या उलट साक्ष देतं. ताब्यात होता तोवर तो कोणीच नव्हता, मोकळा सोडला त्या वर्षी तो जॅकी चॅन झाला.

यावर पाहुणे म्हणतील, "सर, तो स्वतः तर गुरूचे उपकार मानतो." मानतो, खरं आहे. गुरूंनी शिकवलं नसतं तर मी कोणीच नसतो असं तो सांगत आला आहे. १९८८ मध्ये त्या शाळेवर 'पेंटेड फेसेस' नावाचा सिनेमा निघाला. त्यात गुरूची भूमिका सामो हंगने केली. ज्याने वेत खाल्ला त्यानेच वेत हातात घेतला आणि फार मायेने ती भूमिका केली. प्रत्यक्षात शाळा त्याहून कठोर होती, असं जॅकीचंच म्हणणं आहे. यू जिम-युएन १९९७ मध्ये गेले. शिष्यांनी त्यांना कधी दोष दिला नाही.

पण मार खाणाऱ्याने माफ केलं म्हणून मार योग्य ठरत नाही. माफी हा त्याचा मोठेपणा. तो मारणाऱ्याच्या खात्यावर जमा करायचा नसतो. आणि मूल दुसरं करणार काय? ज्याच्या हातात आपलं जेवण, ज्याच्याशिवाय दुसरं कोणी नाही, त्याला वाईट म्हणून ते जगेल कसं? ते म्हणतं, त्यांनी माझ्या भल्यासाठीच मारलं. असं म्हटल्याशिवाय ती दहा वर्षं पेलवत नाहीत.

शिवाय माणूस तोंडाने काय म्हणतो आणि हाताने काय करतो हेही बघावं. २०१० मध्ये 'द कराटे किड' या सिनेमात त्याने मास्तरची भूमिका केली. सोसायटीत दुरुस्तीची कामं करणारा मिस्टर हान. त्या सिनेमात दोन शिक्षक आहेत. एक मुलांना दया दाखवू नका म्हणून शिकवतो आणि दया दाखवणाऱ्या पोराच्या कानाखाली मारतो. दुसरा पोराकडून अंगातलं जॅकेट काढ, टांग, पुन्हा घाल, हे शेकडो वेळा करून घेतो आणि हात उगारत नाही. खलनायक कोणता ते सांगायला नको. पाहुण्यांनी निदान एवढा सिनेमा तरी पाहायला हवा होता.

आता माझं.

१९८७ ची गोष्ट. आमच्या गावात एस. टी. स्टँडमागे व्हिडिओ सेंटर निघालं होतं. पत्र्याची खोली, एक रंगीत टीव्ही, एक व्हीसीआर, खिडक्यांना पोती. नववीतली तीन पोरं मधल्या सुट्टीत तिथे पळाली. सिनेमा होता 'ड्रंकन मास्टर'. भाषा कोणाला कळत नव्हती, तरी पोरं हसून लोळत होती म्हणे. दुसऱ्या दिवशी मी तिघांना वर्गासमोर उभं केलं. दोघं पहिल्या दोन फोकांतच रडले, त्यांना सोडून दिलं. तिसरा रडला नाही. नुसता माझ्याकडे बघत राहिला. मला त्याचा राग आला. खरं सांगतो, शाळा बुडवल्याचा राग तेव्हा संपला होता. तो रडत नाही याचा राग होता. फोक मोडेपर्यंत मारलं. वर्गात पन्नास मुलं होती, टाचणी पडली तर ऐकू यावी अशी शांतता. त्या दिवशी मला वाटलं, वाह, काय शिस्त आहे माझ्या वर्गाची!

दिवाळीच्या सुट्टीनंतर तो आला नाही. हजेरीपटावर त्याच्या नावापुढे मी महिनाभर गैरहजेरी मांडली आणि मग लाल शाईने नाव कमी केलं. बाप भांडायला आला नाही. येणार कसा? पाचवीला नाव घालताना तोच म्हणाला होता, "मारा, झोडा, पण माणूस करा." हाँगकाँगच्या त्या बापाने कागदावर सही केली, याने तोंडी केली, एवढाच फरक. आम्ही मास्तर लोक ही तोंडी सही आयुष्यभर वापरत आलो.

तो आता तालुक्याच्या रस्त्यावर पंक्चर काढतो. मेळाव्याला तो नव्हता. मेळाव्यानंतर आठ दिवसांनी मी मुद्दाम त्याच्याकडे गेलो. "या सर," म्हणाला, स्टूल पुसून दिलं, चहा मागवला. मी विषय काढला. तो हसला. "जाऊ द्या सर. तुम्ही मारलं म्हणून काय मी शाळा सोडली नाही. मला शाळा जमतच नव्हती." मी घरी आलो. क्षणभर फार हलकं वाटलं होतं. रात्री मात्र झोप लागेना. जॅकी चॅनही असंच सांगतो ना. आणि त्याला शाळा जमत नव्हती, तर ती जमवून देण्याचाच मला पगार मिळत होता.

त्याने माफ केलं असेल. मी ते जमा धरणार नाही.

शिक्षणहक्क कायदा १ एप्रिल २०१० ला लागू झाला. त्याच्या सतराव्या कलमाने मुलाला शारीरिक शिक्षा आणि मानसिक छळ दोन्हींना बंदी केली. मी त्याच वर्षी मे अखेरीस निवृत्त झालो. म्हणजे माझ्या सदतीस वर्षांच्या नोकरीत हा कायदा आला तेव्हा उरले होते जेमतेम दोन महिने. तो आधी असता तर बरं झालं असतं, असं आज वाटतं. मास्तरांचे हात बांधले म्हणणाऱ्यांना विचारतो, कोणता हात? खडू धरणारा हात कोणी बांधलेला नाही. वही तपासणारा हात मोकळा आहे. पोराच्या पाठीवर ठेवायचा हातही मोकळाच आहे. बांधला तो फक्त एक, आणि तो उचलला जायचा तेव्हा बहुतेक वेळा शिकवण्यात आपण कमी पडलेलो असायचो. साठ-साठ मुलांचे वर्ग, वर जनगणना, निवडणुका, आहाराच्या नोंदी, या अडचणी खऱ्या आहेत. त्यांच्याबद्दल सरकारशी जरूर भांडा, मीही येतो. पण सरकारवरचा राग पोराच्या तळहातावर काढू नका.

जॅकी चॅन आता सत्तरी ओलांडून गेला आहे. २०१६ च्या नोव्हेंबरमध्ये त्याला मानद ऑस्कर मिळालं. २०२३ मध्ये 'राइड ऑन'मध्ये तो म्हाताऱ्या स्टंटमनच्या भूमिकेत, एका घोड्याला जीव लावताना दिसला. २०२५ मध्येही त्याचे सिनेमे येत होते. त्याची राजकीय मतं मला पटत नाहीत, पण पडून पुन्हा उभं राहणं आणि पडलेलं लोकांना दाखवणं, हे मी त्याच्याकडून या वयात शिकलो. ज्याला त्याचं उदाहरण द्यायचं असेल त्याने ते द्यावं.

फक्त छडीच्या बाजूने त्याची साक्ष काढू नका. आणि पुढच्या मेळाव्यात माझीही काढू नका.